अडुसष्ट हजार किलोमीटरवरून शेलार

१९ नोव्हेंबर २०१३. आपले मंगळयान अजून पृथ्वीभोवतीच फिरत होते आणि सुमारे ६८ हजार किलोमीटरवरून त्याने पृथ्वीचे छायाचित्र टिपले. त्यात भारत ओळखता येतो, बंगालच्या उपसागरातले ‘हेलन’ चक्रीवादळही दिसते. भिवंडी-वाडा रस्त्यावरचे आमचे शेलार त्या चित्रात आहेच, फक्त दिसत नाही.

ते चित्र पाहून ऊर भरून येतो, आणि यायलाच हवा. गेल्या वर्षी, २०२५ मध्ये, शुभांशू शुक्ला चारशे किलोमीटर उंचीवरच्या अंतराळ स्थानकात राहून आले. वरून सीमारेषा दिसत नाहीत, असे त्यांनीही सांगितले. राकेश शर्मांनंतर एकेचाळीस वर्षांनी एका भारतीयाने पुन्हा ही सारी धरती एकसंध पाहिली.

आणि ती किती नाजूक आहे! सायझिंगमध्ये ताण्याच्या सुतावर खळीचा पातळ हात देतात. तो नसेल तर मागावर सूत तटातट तुटते. पृथ्वीच्या अंगावर हवेचा तसाच हात आहे. तिचा व्यास १२,७४२ किलोमीटर. हवेचा तीन चतुर्थांश भाग मात्र जमिनीपासून अकरा किलोमीटरच्या आतच. पिके, पाखरे, माणसे सारी तेवढ्यावर तगून आहेत.

मला मात्र एक गोष्ट सतत टोचते. इतक्या उंचीवरून सीमा दिसत नाहीत, तसा कोणत्या नाल्यात कोणी रंगाचे पाणी सोडले तेही दिसत नाही. ते दिसते कामवारी नदीच्या काठावर उभे राहिल्यावरच. नदी पुढे खाडीला मिळते, खाडी समुद्राला, आणि चित्रातला तो निळा रंग याच पाण्याचा आहे. जलप्रदूषण रोखण्याचा कायदा १९७४ पासून आहे. शेलारच्या पोरांना रोजगार हवा, कारखानेही चालायला हवेत; पण पाणी शुद्ध न करता नदीत सोडून वाचवलेला पैसा हा नफा नव्हे, ती खालच्या गावांची लूट आहे. हे स्पष्ट बोलायला आपण कचरतो, कारण कारखानदार ओळखीचा असतो, कधी नात्यातलाही असतो.

या रविवारी घरातल्या मुलांना मंगळयानाचे ते छायाचित्र दाखवा. मग त्यांना कामवारीवर घेऊन जा. पाण्याचा रंग असा का, असे त्यांनी विचारले तर खरे उत्तर द्या, आणि तेच उत्तर पुढच्या ग्रामसभेत उभे राहून सांगा.