फोटो काढणाऱ्याची जागा

नॉम पेन्हच्या दिवसभराच्या सहलीत सकाळी राजवाडा, मग तुओल स्लेंग, जेवण आणि दुपारी चोएंग एकची वधभूमी. तुओल स्लेंग ही मूळची शाळा. ख्मेर रूजच्या राजवटीत (१९७५-७९) तिचा तुरुंग झाला. भिंतींवर कैद्यांचे फोटो आहेत, तुरुंगवाल्यांनीच काढलेले. म्हणजे त्यातल्या एका मुलीकडे बघताना मी उभा होतो ती जागा फोटो काढणाऱ्याची. मोबाइल खिशात टाकला, पण नजर कुठे टाकणार? न बघता पुढे जाणं तर आणखीच वाईट. गाइड म्हणाला, “दहा मिनिटं.” त्याला इथे रोजच यावं लागतं.

जेवताना मी सगळा भात संपवला. भूक लागली होती. याची लाज वाटायला हवी का, असं गाइडला विचारणार होतो. तो पुन्हा भात वाढून घेत होता.