परवाना आणि विवेक

निवडणुकीच्या काळात दारूची दुकाने बंद असतात, हे आपण पाहिलेच असेल. लोकप्रतिनिधित्व कायद्यानुसार मतदान संपण्यापूर्वीच्या 48 तासांत मतदारसंघात मद्यविक्री करता येत नाही. 2 ऑक्टोबरसारख्या इतर बंदीच्या दिवसांमागे आदराची भावना आहे. या बंदीमागे मात्र विचार आहे. नशेतला कौल आणि बाटली देऊन मिळवलेला कौल, दोन्ही खरे कौल नव्हेत. दारू माणसाचा विवेक हिरावते, हे कायद्याने येथे मान्य केले आहे. मग हा विवेक केवळ दोन दिवसच हवा काय?

पवित्र कुरआनातही एक टप्पा असा होता की, बंदी वेळेपुरतीच होती. सूरह अन्-निसाच्या 43 व्या आयतीत नशेच्या अवस्थेत नमाजजवळ जाण्यास मनाई करण्यात आली. आपण काय बोलत आहोत हे माणसाला कळले पाहिजे, हे त्याचे कारण. दिवसातून पाच वेळा शुद्धीवर असणे अनिवार्य झाल्यावर पिण्यासाठी वेळ तरी कितीसा उरणार? पुढे सूरह अल्-माइदाच्या 90 व 91 व्या आयतींनी दारू पूर्णतः निषिद्ध ठरवली. हजरत अनस (रजि.) त्या वेळी अबू तलहा (रजि.) यांच्या घरी लोकांना मद्य वाढत होते. बाहेर घोषणा ऐकू आली आणि होते तेवढे सारे ओतून देण्यात आले. मदीनेच्या गल्ल्यांतून ते वाहिले. घरोघरी झडती घ्यावी लागली नाही. त्याआधी अनेक वर्षे मने घडवली गेली होती.

आपल्या राज्याची वाटचाल नेमकी उलटी झाली. महाराष्ट्रात आजही लागू असलेल्या मूळ कायद्याचे नाव दारूबंदी कायदा असेच असून तो 1949 चा आहे. कागदोपत्री पिणाऱ्यालाही परवाना लागतो. तरीही या कायद्याखालीच दुकाने चालतात आणि त्यांतून राज्याला मोठा महसूल मिळतो. चंद्रपूर जिल्ह्यात 2015 मध्ये बंदी आली आणि 2021 मध्ये उठली. बंदीमुळे चोरटी विक्री वाढते, हा बंदीविरोधकांचा मुद्दा खोटा म्हणता येणार नाही. पण 2015 मध्ये मुंबईच्या मालवणीत विषारी दारूने शंभराहून अधिक माणसे दगावली, तेव्हा शहरात परवानाधारक दुकाने होतीच. स्वस्त मरण शोधणाऱ्या गरिबाला ती वाचवू शकली नाहीत.

तथापि, आपल्यापुढचा प्रश्न शासनापुरता नाही. एखाद्याचा बाजारपेठेत गाळा असतो. किराणा दुकानदार जेवढे भाडे देईल त्याच्या दुप्पट द्यायला दारूविक्रेता तयार होतो. व्यवहार कायदेशीर, करार नोंदणीकृत. “आपण कुठे विकतो आहोत?” असे घरातले कोणीतरी म्हणतेच. प्रेषित मुहम्मद (स.) यांनी दारूच्या संदर्भात केवळ पिणाऱ्याचा नव्हे, तर गाळणाऱ्यापासून वाहून नेणाऱ्यापर्यंत आणि तिची किंमत खाणाऱ्यापर्यंत दहा जणांचा धिक्कार केला आहे. त्यांत घरमालकाचा उल्लेख नाही, हेही खरे. इमाम अबू हनीफा (रह.) यांच्या मते भाडे जागेच्या उपयोगाचे असते आणि पाप भाडेकरू स्वतःच्या इच्छेने करतो. त्यांचेच शिष्य इमाम अबू यूसुफ व इमाम मुहम्मद (रह.) यांना मात्र हे मान्य नव्हते. आमच्या मते शिष्यांचे म्हणणे अधिक पटणारे आहे, कारण दारूविक्रेता ते दुप्पट भाडे दारूच्याच कमाईतून देतो आणि मालकाला हे करार करतानाच ठाऊक असते.

आणखी एक बाब. आपल्या भगिनींच्या हाती कायद्याने एक अधिकार दिला आहे. गावातील वा प्रभागातील महिलांनी मागणी केल्यास दुकानाबाबत मतदान घेता येते. ‘आडवी बाटली’ म्हणून ते ओळखले जाते. अनेक गावांत सर्व धर्मांच्या स्त्रियांनी एकत्र येऊन दुकाने बंद केली आहेत. पडदा, संकोच, “त्या भांडणात आपण कशाला?” अशा कारणांनी आपल्या मोहल्ल्यातील स्त्रिया पुष्कळदा घरीच राहतात. तेथे बहुमत मोजले जाते ते केंद्रावर आलेल्यांचे नव्हे, तर नोंदणी असलेल्या एकूण महिला मतदारांचे. त्यामुळे घरी राहिलेल्या भगिनीचे मत दुकानाच्याच पारड्यात पडते.