विकून न दिलेली वस्तू

विकत घेतलेली वस्तू घेणाऱ्याची होते म्हणजे नेमके काय होते, हा प्रश्न धर्मशास्त्राने आणि न्यायदर्शनाने शतकानुशतके गांभीर्याने चर्चिला आहे. आज तोच प्रश्न अँड्रॉइड फोनच्या सेटिंग्जमधील एका पानावर पुन्हा उभा राहिला आहे. दूरसंचार कंपनीने फोनबरोबर आधीच भरून दिलेल्या ॲपच्या नावाखाली तेथे ‘अनइन्स्टॉल’ हे बटण नसते, ‘डिसेबल’ असते, आणि कित्येकदा तेही फिके पडलेले, दाबूनही न दबणारे असते. ‘अनइन्स्टॉल’ म्हणजे समूळ काढून टाकणे आणि ‘डिसेबल’ म्हणजे जागच्या जागी निष्क्रिय करणे; या दोहोंतील अंतर वरवर तांत्रिक दिसते, पण स्वामित्व, संमती आणि अस्तेय या तीन जुन्या संकल्पनांची कसोटी त्याच अंतरात लागते.

तांत्रिक बाजू आधी समजून घेतली नाही, तर पुढील विवेचन अधांतरी राहील. अँड्रॉइड फोनच्या साठवणीचे विभाग पाडलेले असतात, आणि ज्या विभागात मूळ प्रणाली राहते तो विभाग वापरकर्त्यासाठी केवळ वाचनीय असतो, म्हणजे त्यातील सामग्री वापरता येते, पण त्यात भर घालता येत नाही आणि त्यातून काही पुसताही येत नाही. फोन बनवणारी कंपनी आणि तिच्याशी करार केलेली दूरसंचार कंपनी आपली ॲप्स बहुधा याच विभागात ठेवतात, म्हणून ती काढून टाकता येत नाहीत. 2011 साली आलेल्या अँड्रॉइडच्या 4.0 या आवृत्तीपासून अशी पुष्कळशी ॲप्स निष्क्रिय करण्याची सोय झाली. निष्क्रिय केलेले ॲप चालू होत नाही, सूचना पाठवत नाही, त्याचे चिन्हही पडद्यावरून जाते. मूळ प्रत मात्र आपली जागा अडवून तशीच बसून राहते. हे बटण दाबताना फोन एक इशारा देतो, आणि तो नीट वाचण्यासारखा आहे. ॲप बंद केल्यास अँड्रॉइड आणि इतर ॲप्स कदाचित अपेक्षेप्रमाणे चालणार नाहीत, असे तो बजावतो, आणि अलीकडच्या आवृत्त्यांत पुढे असेही सांगतो की हे ॲप फोनबरोबरच आले असल्यामुळे ते हटवता येणार नाही. आधीपासून आहे म्हणून हटणार नाही, हे कारण म्हणून दिलेले वाक्य वास्तविक कारण नाहीच. ती केवळ वस्तुस्थितीची पुनरुक्ती आहे, आणि स्वामित्वाचा प्रश्न नेमका तेथूनच सुरू होतो.

भारतीय परंपरेत वस्तू आणि तिचा धनी यांच्यातील संबंधाला ‘स्वत्व’ म्हणतात. कल्याणीच्या चालुक्यांच्या दरबारी, विक्रमादित्य सहावा याच्या काळात (1076 ते 1126) याज्ञवल्क्यस्मृतीवर ‘मिताक्षरा’ ही टीका लिहिणाऱ्या विज्ञानेश्वराने हे स्वत्व लौकिक की शास्त्रीय, म्हणजे लोकव्यवहारातून सिद्ध होणारे की केवळ शास्त्रवचनातून कळणारे, असा प्रश्न उपस्थित केला आणि ते लौकिकच असल्याचा निर्णय दिला. शास्त्राचा गंधही नसलेल्या सीमेवरच्या लोकांतदेखील खरेदी-विक्री होते आणि त्यातून ‘हे माझे, ते तुझे’ असा व्यवहार चालतो, हे त्याच्या युक्तिवादातील एक प्रमाण होते. स्वत्वाचे जे लक्षण पुढे शास्त्रचर्चेत रूढ झाले, ते म्हणजे ‘यथेष्टविनियोगयोग्यता’, अर्थात वस्तू आपल्या इच्छेप्रमाणे उपयोगात आणता येण्याची पात्रता. नवद्वीपचा नव्यनैयायिक रघुनाथ शिरोमणी याने ‘पदार्थतत्त्वनिरूपण’ या ग्रंथात या लक्षणावर मार्मिक आक्षेप घेतला. विनियोग म्हणजे भक्षणासारखा उपभोग म्हणावा, तर दुसऱ्याचे अन्नही खाता येतेच. निषेध नसलेला उपभोग म्हणावा, तर परक्याची वस्तू घेऊ नये हा निषेध कळण्यासाठीच आधी स्वत्व म्हणजे काय ते ठाऊक असावे लागते. म्हणून उपभोगातून स्वत्वाची व्याख्या करता येत नाही, स्वत्व हा स्वतंत्र पदार्थच मानला पाहिजे, असे त्याने प्रतिपादन केले.

हा आक्षेप आजच्या फोनला विलक्षण लागू पडतो. फोन वापरता येतो, म्हणजे त्यावर बोलता येते, छायाचित्रे काढता येतात, पैसे पाठवता येतात. पण वापरता येणे आणि आपले असणे या दोन गोष्टी एक नाहीत, हे रघुनाथाने दाखवून ठेवले आहे. भाड्याच्या घरातही राहता येते. घर घरमालकाचे आहे हे कळते ते भाडेकरूला तेथील भिंत पाडता येत नाही तेव्हा. तात्पर्य, स्वत्वाची खूण उपभोगात शोधण्यापेक्षा नकारात शोधणे अधिक योग्य ठरते: वस्तूत काय राहू नये हे अखेर जो ठरवतो, तो तिचा धनी. फोनचे सर्व मोल मोजल्यावरही त्यातील एक ॲप ठेवायचे की काढायचे हे ठरवण्याचा अधिकार विकणाऱ्याकडे राहत असेल, तर घर विकून माजघराची किल्ली कनवटीला लावून ठेवणाऱ्याहून त्याचे वर्तन वेगळे म्हणता येणार नाही.

अशा वर्तनाला स्मृतिकारांनी नावही देऊन ठेवले आहे. नारदस्मृतीत दाव्यांचे जे अठरा विषय, म्हणजे ‘व्यवहारपदे’, सांगितली आहेत, त्यांतील एक ‘विक्रीयासंप्रदान’ होय: मूल्य घेऊन माल विकायचा आणि तो घेणाऱ्याच्या स्वाधीन करायचा नाही. याज्ञवल्क्याने या प्रसंगी असा नियम केला की विक्रेत्याने तो माल ‘सोदय’, म्हणजे दरम्यानच्या काळात त्यातून झालेल्या लाभासह, घेणाऱ्याला द्यावा. हा ‘उदय’ फोनच्या संदर्भात काय असेल, याचा विचार केला पाहिजे. काढता न येणारे ॲप जाहिराती दाखवते, नवी ॲप्स आपल्या हाताने उतरवून घेते, वापराचा तपशील गोळा करते, आणि त्या प्रत्येकातून कोणाला तरी उत्पन्न मिळते. हे उत्पन्न ज्या वस्तूतून निघते ती वस्तू घेणाऱ्याच्या खिशात आहे, तिची वीज तो भरतो, तिच्या डेटाचे पैसेही तोच मोजतो. स्मृतीच्या नियमाने पाहिले तर हा लाभ त्याचा आहे.

यावर एक आक्षेप घेतला जातो आणि तो टाकाऊ नाही. अमेरिकेत दूरसंचार कंपन्या दीर्घकाळ दोन वर्षांच्या करारावर फोन मूळ किमतीहून पुष्कळ स्वस्तात देत असत; त्या सवलतीचा मोबदला म्हणून त्यांनी आपली ॲप्स भरली, तर त्यात अन्याय कोणता? धर्मशास्त्राच्या भाषेत हा व्यवहार ‘भोग्याधी’सारखा आहे. आधी म्हणजे गहाण, आणि भोग्याधी म्हणजे ज्याचा उपभोग घेण्याची मुभा सावकाराला असते असे गहाण, उदाहरणार्थ शेत. परंतु गहाणाचे तत्त्वच असे की देणे फिटले की वस्तू सोडवली जाते. करार पूर्ण झाल्यावर फोनचे सिम-कुलूप उघडून देण्याची पद्धत अमेरिकेत रूढ झाली, म्हणजे ऋण फिटल्याची कबुली कंपन्या एका बाबतीत देतात. भरलेली ॲप्स मात्र देणे फिटल्यानंतरही जागची हलत नाहीत. कर्ज चुकते झाल्यावर सावकार शेत सोडतो आणि विहिरीवरचा हक्क ठेवून घेतो, असा हा प्रकार आहे. शिवाय भारतात बहुसंख्य ग्राहक फोन दुकानातून पूर्ण किमतीला घेतात आणि सिम वेगळे घेतात, त्यामुळे सवलतीचा युक्तिवाद येथे मुळातच लागू पडत नाही.

भारतात हा उपद्रव येतो तो मुख्यतः सिमकार्डाच्या वाटेने. सिमवरच एक छोटा कार्यक्रम असतो आणि फोनमधील ‘सिम टूलकिट’ नावाचे ॲप त्याला पडदा उपलब्ध करून देते. त्यामुळे हँडसेट कोणत्याही कंपनीचा असला तरी सिम बसवताच हा पाहुणा घरात येतो. मग कोणी बँकेचा सांकेतिक अंक टंकत असताना किंवा आजारी माणसाच्या उशाशी फोन शांत ठेवून बसलेले असताना पडद्याच्या मधोमध एक चौकट उमटते. तिच्यात गाण्यांची, क्रिकेटची किंवा राशिभविष्याची जाहिरात असते आणि खाली ‘ओके’ व ‘कॅन्सल’ असे दोन शब्द असतात. टंकणारे बोट त्याच वेळी खाली येते आणि ‘ओके’वर पडते. अशा चुकीच्या स्पर्शातून सशुल्क सेवा सुरू होऊन शिल्लक रकमेतून पैसे कापले जाण्याच्या तक्रारी इतक्या वाढल्या की ट्रायने, म्हणजे भारतीय दूरसंचार नियामक प्राधिकरणाने, 2013 साली अशा सेवांसाठी ग्राहकाची दुहेरी संमती आवश्यक केली, आणि नको असलेली सेवा बंद करण्यासाठी 155223 हा सर्व कंपन्यांना समान असा क्रमांक रूढ झाला.

पैशांचे नुकसान मोजता येते, म्हणून त्यावर नियम झाले. जे मोजता येत नाही ते अवधान. पतंजलीने सांगितलेल्या पाच यमांमध्ये अस्तेय, म्हणजे चोरी न करणे, हा एक यम आहे, आणि जैन आचारशास्त्राने स्तेयाची व्याख्या ‘अदत्तादान’, म्हणजे न दिलेले घेणे, अशी केली आहे. या व्याख्येत वस्तूच्या किमतीला स्थान नाही. देणाऱ्याने दिली की नाही, एवढेच तीत पाहिले जाते. एका चौकटीने घेतलेले चार क्षण बाजारभावाने कवडीमोल असतील, तरी ते कोणी दिलेले नव्हते. अवधान हे साधनेचे, अभ्यासाचे आणि माणसामाणसांतील जिव्हाळ्याचे मूळ भांडवल आहे. ते चिमटीचिमटीने उचलणारा क्षुल्लक गोष्ट उचलतो, असे कोणत्याही दर्शनाला म्हणता येणार नाही.

‘वापरायला सुरुवात केली त्याअर्थी संमती दिली’ हा बचावही तपासला पाहिजे. 2023 च्या डिजिटल वैयक्तिक माहिती संरक्षण कायद्यानुसार संमती मुक्त, विशिष्ट, माहितीपूर्ण, विनाअट आणि निःसंदिग्ध असावी लागते आणि ती स्पष्ट होकारात्मक कृतीतून व्यक्त व्हावी लागते. आधीच भरलेल्या ॲपच्या बाबतीत ही कृती ग्राहक अस्तित्वात येण्यापूर्वीच दुसऱ्या कोणीतरी उरकलेली असते. 2011 मध्ये अमेरिकेत ‘कॅरियर आयक्यू’ ही प्रणाली उजेडात आली, तेव्हा हे ठळकपणे दिसले. नेटवर्कमधील दोष शोधण्यासाठी ती अनेक फोनांत भरलेली होती, असे सांगण्यात आले, आणि हा हेतू खराही असू शकेल. परंतु ती आहे हेच बहुतेक फोनधारकांना ठाऊक नव्हते. ज्याचे अस्तित्वच माहीत नाही त्याला संमती कशी देणार? हेतू चांगला असल्याने संमतीची उणीव भरून निघत नाही, हे राज्यसंस्थेलाही लागू आहे. नोव्हेंबर 2025 च्या अखेरीस केंद्र सरकारच्या दूरसंचार विभागाने ‘संचार साथी’ हे ॲप प्रत्येक नव्या फोनमध्ये भरावे आणि त्याची कार्ये निष्क्रिय वा मर्यादित केली जाऊ नयेत, असा निर्देश दिला. चोरीस गेलेले फोन शोधण्याचा त्यामागील उद्देश लोकहिताचाच होता, तरी सार्वत्रिक विरोधानंतर 3 डिसेंबरला सक्ती मागे घ्यावी लागली, आणि ते योग्यच झाले.

ॲप काढून टाकणे हा हक्क म्हणून मान्य करण्यात युरोप पुढे आहे. तेथील डिजिटल मार्केट्स कायद्याने 7 मार्च 2024 पासून ‘द्वारपाल’ ठरवलेल्या मोठ्या कंपन्यांना, प्रणाली चालण्यासाठी अत्यावश्यक असलेली ॲप्स वगळून, बाकीची सहज काढू देणे भाग पाडले. भारतात स्पर्धा आयोगाने 20 ऑक्टोबर 2022 रोजी गूगलला 1337.76 कोटी रुपयांचा दंड करताना तिची स्वतःची ॲप्स काढू देण्याचा निर्देश दिला होता. 29 मार्च 2023 रोजी राष्ट्रीय कंपनी विधी अपील न्यायाधिकरणाने दंड कायम ठेवला आणि तो निर्देश मात्र रद्द केला. हा निर्देश दूरसंचार कंपन्यांच्या ॲप्सविषयी नव्हता, तरी तो टिकला असता तर स्वत्वाचे तत्त्व येथील कायद्यात रुजले असते, आणि म्हणून त्याचे जाणे हे नुकसान आहे.

अशा स्थितीत ग्राहकाच्या हाती उरते ते निष्क्रिय करणे, आणि त्याची नेमकी योग्यता जोखण्यासाठी योगशास्त्राची परिभाषा उपयोगी पडते. योगसूत्रांत क्लेशांच्या, म्हणजे चित्ताला पीडा देणाऱ्या वृत्तींच्या, चार अवस्था सांगितल्या आहेत: प्रसुप्त म्हणजे निद्रिस्त, तनु म्हणजे क्षीण, विच्छिन्न म्हणजे मध्येच खंडित आणि उदार म्हणजे पूर्ण कार्यरत. निद्रिस्त क्लेश बीजरूपाने असतोच आणि निमित्त मिळताच उगवतो. योगसूत्रांवरील व्यासभाष्याच्या मते तो उगवेनासा होतो तो बीज भाजले गेल्यावरच. निष्क्रिय केलेले ॲप असेच प्रसुप्त असते. संगणकाला फोन जोडून, ‘एडीबी’ या साधनाने आज्ञा देऊन ते वापरकर्ता क्रमांक 0 पुरते काढता येते, आणि या पहिल्या वापरकर्त्याला अँड्रॉइड ‘ओनर’, म्हणजे मालक, असेच नाव देते; तरीही मूळ प्रत वाचनीय विभागात शिल्लक राहते, कारण सर्वाधिकार असलेले ‘रूट’ हे पद त्या मालकाला दिलेले नसते. नावाने मालक आणि अधिकाराने पाहुणा, अशी ही अवस्था आहे.

तरीसुद्धा बटण दाबणे व्यर्थ नाही. साधकदेखील बीज भाजले जाईपर्यंत क्लेशांना मोकळे सोडत नाही, आधी त्यांना क्षीण करतो. मात्र येथे विवेक हवा: कॉल, ई-सिम आणि नेटवर्कची जुळणी सांभाळणारे घटक बंद करू नयेत, आणि सिमवरून येणाऱ्या चौकटी थांबवायच्या असल्यास आधी सिम टूलकिटच्या मेनूत जाऊन तेथील जाहिरात-सेवा बंद करावी, तेवढ्याने बहुधा काम भागते. जाहिराती, खेळ, बातम्या आणि ‘ऑफर’ देणारी ॲप्स निःशंकपणे निष्क्रिय करावीत. फोन मूळ स्थितीत आणला, म्हणजे फॅक्टरी रीसेट केला, की ही सारी ॲप्स परत येतात. त्यामुळे प्रत्येक रीसेटनंतर सेटिंग्जमधील यादी उघडून हा नकार पुन्हा एकदा नोंदवावा लागतो.