ओढ्यापलीकडची तीन घरं

“गांधींच्या जिल्ह्यात राहून तलवारीचे सिनेमे कसले पाहता?” एका मित्राचा हा शेरा. विषय निघाला होता अकिरा कुरोसावाच्या ‘सेव्हन सामुराय’चा (१९५४). तो ‘शोले’चं मूळ वगैरे सगळ्यांना ठाऊकच आहे. शेरा मात्र डोक्यातून जाईना.

पराक्रम वेगळा आणि बंदोबस्त वेगळा, असं मी मानतो. हा सिनेमा बंदोबस्तातून उभा राहिला. कुरोसावाला आधी एका सामुरायाचा एक दिवस दाखवायचा होता. पण तो दिवसातून किती वेळा जेवायचा याचीही खात्रीलायक माहिती मिळेना, म्हणून ती गोष्टच सोडली. शोधाशोधीत सापडले ते दरोडेखोरांपासून वाचायला भाताच्या मोबदल्यात सामुराय राखणीला ठेवणारे शेतकरी. मग त्यानं सिनेमातल्या गावाच्या कुटुंबांची नोंदवही केली: कोण कुणाचा, कुणाच्या घरात किती माणसं. उघड्यावर अख्खं गाव बांधलं. सिनेमा काढणाऱ्या तोहो कंपनीनं पैसे अडवले तेव्हा गडी निवांत मासे धरत बसला. शेवटची लढाई मुद्दाम मागे ठेवलेली. तिच्याशिवाय सिनेमा पुरा होईना आणि कंपनीला तो टाकूनही देता येईना. अखेर फेब्रुवारीच्या थंडीत, पाण्याच्या माऱ्यात, चिखलात ती एकाच वेळी अनेक कॅमेऱ्यांनी टिपली.

आणि जपान आमच्या वर्ध्याला, गांधींच्या जिल्ह्याला, परकं थोडंच आहे? जपानी बौद्ध भिक्खू फुजी गुरुजी १९३३ साली गांधीजींना वर्ध्यातच भेटले. सेवाग्रामच्या प्रार्थनेत जपानी मंत्र आहे, गीताई मंदिराजवळ विश्वशांती स्तूप आहे. (विषयांतर खरं, पण मित्राला ऐकवायला बरं.)

तर हा राखणीचा सिनेमा, असं म्हणून मोकळं व्हावं, तोच सामुरायांचा म्होरक्या कांबेई याचा गावाच्या बचावाचा नकाशा आठवतो. ओढ्यापलीकडची तीन घरं वाचवता येणार नाहीत. तीन घरांसाठी वीस घरं धोक्यात घालायची नाहीत. तिथले लोक भाले फेकून निघतात, तेव्हा कांबेई तलवार उपसतो ती त्यांच्यावर. दरोडेखोर अजून आलेलेही नसतात. म्हणजे तलवार बंदोबस्ताच्या पोटातच होती, आणि मित्राचा आक्षेप त्याला वाटत होता त्याहून खोल जातो.

आमच्याकडच्या बोर व्याघ्र प्रकल्पाच्या कडेला रोही-रानडुकरं हाकलत रात्रभर जागल करणाऱ्या शेतकऱ्याला हे समजावून सांगावं लागणार नाही. जंगल राखावं हे सगळ्यांना मान्य, पीक मात्र जातं कडेच्या वावराचं. तरी इथं पंचनामा होतो, भरपाईचा अर्ज करता येतो. कांबेईच्या योजनेत त्या तीन घरांसाठी तेवढीही सोय नव्हती.