देह देवावर टाकला, मग पाय कोणी पाहायचे?

माउली, वारीला निघालो म्हणजे देहाची चिंता पांडुरंगावर टाकली, मग औषधपाणी कसले, असे पुष्कळांच्या तोंडून ऐकू येते. कानाला ते गोड लागते खरे.

काही वर्षांपूर्वी आमच्या दिंडीत एक वृद्ध गृहस्थ होते. पंढरीपर्यंत अनवाणी जायचे, हा त्यांचा नेम. मधुमेह जुना. पुण्याहून सासवडचा टप्पा लांबचा, त्यात दिवेघाट. तिथेच तळव्यात काहीतरी रुतले. जुन्या मधुमेहात पाय बधिर होतात, जखम झालेली कळत नाही. यांनाही कळली नाही, आणि कळली तेव्हा त्यांनी ती फडक्याखाली झाकली. म्हणाले, विठ्ठल बघून घेईल. लोणंदला ताप भरला. दोन तरुण वारकरी त्यांच्यापाशी दवाखान्यात राहिले. बुवा वाचले, पण अर्धे पाऊल गेले. त्या दोघांनी कधी कुरकुर केली नाही. तरी मला अजून प्रश्न पडतो. नेम एकाचा आणि वारी चुकली दोघांची, हे कोणाच्या खाती मांडायचे?

वारीत कष्ट आहेतच, ते नको असतील त्याने घरी बसावे. परंतु कष्ट सोसणे निराळे आणि दुखणे लपवणे निराळे. जुलाब लागलेला माणूस लाजेने गप्प राहून पंगतीत वाढायला उभा राहिला, तर पटकीसारखा रोग हातांतून, पाण्यातून साऱ्या तळावर पसरतो. एकादशीचेही तसेच. साखरेची गोळी नाहीतर इन्सुलिन घेऊन पोट रिकामे ठेवले, तर साखर उतरून माणूस वाटेतच कोसळतो. अहो, निघण्याआधी डॉक्टरांना विचारले तर एकादशी कुठे मोडते?

२०२० साली करोनाच्या साथीमुळे पायी वारी झाली नाही, पादुका एस.टी.ने पंढरीस गेल्या. तेव्हा लाखो वारकरी घरी राहिले, ते काय केवळ स्वतःच्या जिवाच्या भीतीने? गावोगावच्या म्हाताऱ्याकोताऱ्यांचाही विचार त्यात होताच. तेव्हा कोणी आपल्याला नास्तिक म्हटले नाही. मग एकट्याने तसे वागायची पाळी आली की भक्ती उणी पडल्यासारखे का वाटावे?

ते गृहस्थ अजून येतात. बरीचशी वाट गाडीतून, पायात जाड बूट. संध्याकाळी मुक्कामाला राहुट्यांतून कंदील घेऊन फिरतात आणि प्रत्येकाला म्हणतात, “माउली, पाय दाखवा.” नवख्याला वाटते, बुवा पाया पडायला आले, तो संकोचाने पाय मागे घेतो. मग बुवा खाली बसतात आणि आपला बूट काढून दाखवतात.