‘येवो’ : एका कल्पित राज्याचा सण

कार्तिक शुद्ध प्रतिपदेच्या पहाटे महाराष्ट्रातील अनेक खेड्यांत घरातला केर फुटक्या सुपात भरला जातो, त्यावर पणती ठेवली जाते, आणि सूप बडवीत तो घराबाहेर टाकताना ‘इडापिडा टळो, बळीचे राज्य येवो’ असे म्हटले जाते. ज्या राज्याच्या आगमनाची ही प्रार्थना आहे, त्याचा ताम्रपट नाही, नाणे नाही, सीमा नाहीत. पुराणपरंपरेने बळीला सुतलात स्थान दिले आणि वर्षातला एक दिवस त्याच्या नावे राखला. लोकपरंपरेने त्या एका दिवसाच्या आधारे संपूर्ण राज्य कल्पिले. कल्पित राज्याचा सण साजरा करणाऱ्यावर त्या राज्याचे काही नैतिक बंधन येते काय, हा येथील प्रश्न आहे.

सणांच्या ‘रचितते’ची चर्चा आता अपरिचित राहिलेली नाही. हॉब्सबॉम आणि रेंजर यांनी संपादिलेल्या १९८३च्या ग्रंथानंतर प्राचीन भासणाऱ्या अनेक प्रथांची जन्मतारीख शोधण्याची सवय अभ्यासकांना लागली. सार्वजनिक गणेशोत्सवाला १८९३ हे वर्ष देता येते, रायगडावरील शिवोत्सवाला १८९६. कर्ते ठाऊक असल्याने त्यांच्या हेतूंची उलटतपासणीही करता येते. बळीच्या सणाला असा कर्ता नाही. शिवाय येथे रचलेला आहे तो केवळ सण नव्हे. सण ज्याचा, ते जगच रचलेले आहे. त्यामुळे ‘हे खरे की बनावट?’ हा प्रश्न येथे फार पुढे नेत नाही. बाख्तिनची कार्निव्हलची संकल्पनाही अर्धीच उपयोगी पडते. कार्निव्हलमध्ये श्रेणी उलटतात, विदूषकाला मुकुट मिळतो. प्रतिपदेच्या पहाटे कोणी राजा होत नाही, कोणी मुखवटा घालत नाही. केर बाहेर जातो आणि दिवा लावला जातो, एवढेच. उलथापालथ नसल्याने ती परवानगीची उलथापालथ आहे, हा कार्निव्हलवरचा नेहमीचा आक्षेपही येथे लागू होत नाही.

या जगाला प्रथम नकाशा दिला तो जोतीराव फुले यांनी. ‘गुलामगिरी’त (१८७३) बळीचे राज्य एक सविस्तर शासन होते : महाराष्ट्राचे नऊ खंड, प्रत्येक खंडाचा अधिकारी तो खंडोबा, वसूल व न्याय पाहणारा महासुभा तो म्हसोबा. जेजुरीचा देव आणि शेताच्या बांधावरचा शेंदरी दगड एकाच प्रशासनाचे सेवक ठरतात. व्युत्पत्ती म्हणून हे टिकत नाही. ‘सुभा’ हा शब्द मूळचा अरबी, फारसीतून व मोगल राज्यव्यवस्थेतून मराठीत रुळलेला. पुराणकाळच्या बळीच्या पदरी सुभेदार असण्याचा संभव नाही. पण ही चूक इतिहासाची आहे, आणि फुल्यांच्या कृतीचे मोल इतिहासात शोधणे हीच मुळात वाचनाची चूक आहे. कुणब्याला राज्यसत्ता भेटत होती ती शेतसारा आणि कज्जा या दोन ठिकाणी. फुल्यांनी देवत्व काढून घेऊन नेमकी हीच दोन खाती भरली. केवळ सुवर्णयुग कल्पिणारा एवढे करीत नाही. न्याय कोणत्या दाराशी मागायचा, हे सांगण्याची जबाबदारी त्याला वाटत नाही. याच ग्रंथात ते दसऱ्याची एक ब्राह्मणी प्रथाही नोंदवितात : पिठाचा बळी करून त्याचे पोट आपट्याच्या काडीने फोडण्याची. ज्याची एका घरात वाट पाहिली जाते, त्याला दुसऱ्या घरात मारले जाते. कल्पित व्यक्तीला दरवर्षी मारावे लागत असेल, तर तिच्या ‘नसण्या’वर मारणाऱ्याचाही पूर्ण विश्वास नसावा.

आता ‘येवो’ या रूपाकडे पाहावे. ते आज्ञार्थाचे तृतीयपुरुषी रूप आहे, आशीर्वादार्थी. ‘येईल’ म्हटले असते तर ते खोटे ठरू शकले असते. ‘आणू’ म्हटले असते तर म्हणणारा बांधला गेला असता. ‘येवो’ने दोन्ही टळते. शेतकरी चळवळीने बळीराजा हे नाव उचलले तेव्हा आशीर्वादाची मागणी झाली, आणि मागणीला उत्तर देणारा कोणीतरी समोर उभा करावा लागला. तो सरकार होता, बाजार होता. घरात मात्र क्रियापद जुनेच राहिले.

त्याची कसोटी न्हावरे येथे लागते. शिरूर तालुक्यातील, दौंडच्या बाजूचे हे गाव घोडगंगा सहकारी साखर कारखान्यामुळे परिचित, उसाच्या पट्ट्यातले. अशा पट्ट्यात गळीत हंगाम दिवाळीच्या आगेमागे उभा राहतो आणि बीड, पाथर्डी या बाजूंची तोडणी कामगारांची बिऱ्हाडे मुकादमाची उचल घेऊन त्याच सुमारास घर सोडतात. नवरा-बायको मिळून हिशेबात ‘एक कोयता’. दोन माणसांचे हे एकवचन कोणत्याही व्याकरणाने घडविलेले नाही. शेतमालक स्वतःला बळीराजा म्हणवितो, आणि कारखान्याच्या, बाजाराच्या संदर्भात ते म्हणणे खरेही आहे : त्याच्या डोक्यावर पाऊल ठेवणारे आहेतच. परंतु फडात उतरलेल्या कोयत्याच्या दृष्टीने तो कोण? त्याच्या दारी ‘बळीचे राज्य येवो’ म्हटले जाते, तेव्हा त्या राज्याची प्रजा कोणापर्यंत मोजायची? वाक्यात कर्ता राज्य आहे. आणणारा नाही, आणि ज्यांच्यासाठी आणायचे तेही नाहीत. या दोन रिकाम्या जागा सणाच्या कल्पितपणातून आलेल्या नाहीत. कल्पित राज्यात त्या भरता येतात, हे फुल्यांनी दाखविले आहे.

बळीच्या कथेत शुक्राचार्य दान देऊ नकोस असे सांगतात आणि बळी शब्द पाळतो. मराठी परंपरेने या प्रसंगातून बळीचे औदार्य घेतले. शब्द दिल्यावर तो देणाऱ्याला बांधतो, हे फारसे घेतले नाही. ‘येवो’ हाही एक दिलेला शब्दच आहे. तो वर्षानुवर्षे दिला जातो, आणि त्या पहाटे उसाच्या कडेच्या कोपीत तो ऐकणारेही कोणी असते.