हरण्याची मुभा

१९६२ च्या पूर्वार्धात भारताचा क्रिकेट संघ वेस्ट इंडिजमध्ये पाचही कसोट्या हरला. बार्बाडोसविरुद्धच्या सामन्यात चार्ली ग्रिफिथचा चेंडू डोक्याला लागून कर्णधार नरी कॉन्ट्रॅक्टर मरता मरता वाचले आणि त्यांची कसोटी कारकीर्द तिथेच संपली. त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये जकार्तात, भारताविरुद्ध खवळलेल्या प्रचंड गर्दीसमोर, आपल्या फुटबॉल संघाने दक्षिण कोरियाला २-१ असे हरवून आशियाई सुवर्णपदक जिंकले. गोल पी. के. बॅनर्जी आणि जर्नेलसिंग यांचे. जर्नेलसिंग तर डोक्याला टाके पडलेले असताना खेळत होते. क्रिकेट संघ जगज्जेता होईल आणि फुटबॉल संघ विस्मरणात जाईल, असे त्या सप्टेंबरात कुणाला वाटले नसते.

या उलथापालथीचे श्रेय आपण १९८३ चा विश्वचषक, दूरदर्शन आणि पैसा यांना देतो. ही कारणे खोटी नाहीत, पण ती उशिराची आहेत. अजित वाडेकरांच्या संघाने १९७१ मध्येच वेस्ट इंडिज आणि इंग्लंड या दोघांना त्यांच्या घरी जाऊन हरवले होते. तो संघ घडला तो आधीच्या चाळीस वर्षांत, आणि त्या वर्षांत आपण जिंकण्याहून कितीतरी अधिक हरत होतो. पहिली कसोटी १९३२ ची, लॉर्ड्सवर. पहिला विजय फेब्रुवारी १९५२ मध्ये, मद्रासला, पंचविसाव्या कसोटीत. त्यात विनू मंकड यांचे बारा बळी. त्याच उन्हाळ्यात हेडिंग्लेला शून्य धावांवर चार गडी बाद झाले. १९५९ मध्ये इंग्लंडने ५-० असा धुव्वा उडवला. तरीही पुढचा दौरा ठरलेलाच असे. साम्राज्याच्या छत्राखाली १९२६ मध्ये मिळालेल्या सदस्यत्वामुळे मूठभर देशांच्या वर्तुळात आपली जागा पक्की होती. पात्रता सिद्ध करावी लागत नव्हती. १९४८ मध्ये ॲडलेडला विजय हजारे यांनी ब्रॅडमनच्या संघाविरुद्ध दोन्ही डावांत शतके ठोकली आणि भारत तरीही डावाने हरला. अशा पराभवांतून मिळालेले शहाणपण मुंबईच्या मैदानांवर, कांगा लीगच्या ओल्या खेळपट्ट्यांवर पुढच्या पिढीपर्यंत झिरपत राहिले.

फुटबॉलला ही मुभा कधी मिळालीच नाही. खरे तर ती चालून आली होती, आपणच नाकारली. १९५० च्या विश्वचषकात गटातल्या इतर संघांच्या माघारीमुळे भारताला जागा मिळाली. महासंघाने संघ पाठवला नाही. अनवाणी खेळायला मिळाले नाही म्हणून आपण गेलो नाही, ही कथा मला अपायकारक वाटते. ती कचेरीतल्या निर्णयाचे खापर खेळाडूंच्या पायांवर फोडते. लांबचा प्रवास आणि सरावाला अपुरा वेळ ही सबब पुढे केली गेली. मुळात पदाधिकाऱ्यांच्या लेखी ऑलिंपिक मोठे होते, विश्वचषक नव्हे. त्यानंतर भारत विश्वचषकाचा पहिला पात्रता सामना खेळला तो थेट १९८५ मध्ये. मधली सगळी वर्षे हौशी खेळाडूंच्या ऑलिंपिकवर आणि आशियातल्या स्पर्धांवर भागवली. देशातले सामनेही बराच काळ नव्वद नव्हे, सत्तर मिनिटांचे होते.

असे असूनही १९५६ मध्ये मेलबर्नला आपण चौथे आलो, मुंबईच्या नेव्हिल डिसूझा यांनी ऑस्ट्रेलियाविरुद्ध हॅटट्रिक केली, १९६० मध्ये रोमला फ्रान्सशी १-१ बरोबरी झाली. हे हैदराबादच्या सय्यद अब्दुल रहीम यांचे कर्तृत्व. ते १९६३ मध्ये कर्करोगाने गेले आणि संघाला उतरती कळा लागली. एका माणसाच्या जाण्याने राष्ट्रीय संघ खचतो, याचा अर्थ त्याच्यामागे काहीच उभे केलेले नव्हते.

लोकांनाच फुटबॉलची आवड नाही, असे ज्यांना वाटते त्यांनी कोल्हापुरात शाहू स्टेडियमवर पाटाकडील आणि दिलबहार तालमीचा सामना पाहावा. आवड गल्लीगल्लीत आहे. कमी पडले ते बलाढ्य संघांशी नियमित खेळणे.

म्हणूनच क्रिकेटमधली आपली आजची सत्ता मला अस्वस्थ करते. २००३ च्या विश्वचषकात केनिया उपांत्य फेरीत पोचला आणि डर्बनला आपल्याकडून हरला. त्याला कसोटीचा दर्जा कधीच मिळाला नाही. २०१४ मध्ये एकदिवसीय दर्जाही गेला. केनियाच्या मंडळातही गोंधळ होता, हे खरे. पण १९५९ च्या भारताला कामगिरीच्या निकषावर तोलले असते, तर आपण तरी कुठे टिकलो असतो? पुढे २०१९ चा विश्वचषक तर दहाच संघांपुरता आखडला. ज्या खेळाने आपल्याला वीस वर्षे विजयाशिवाय सांभाळून घेतले, त्यात नवख्यांना पुरेसे सामनेही मिळत नाहीत, आणि वेळापत्रकावर सर्वाधिक वजन आपलेच आहे.

नेपाळ, नामिबिया, केनिया यांच्याशी मालिका खेळणे क्रिकेट मंडळाने आपले कर्तव्य मानावे. फुटबॉल महासंघाने वरचढ संघांशी सामने मागून घ्यावेत, पाच-सहा गोल खावे लागले तरी. १९५२ मध्ये हेलसिंकीला युगोस्लाव्हियाने आपल्यावर दहा गोल चढवले होते. चारच वर्षांनी मेलबर्नच्या उपांत्य सामन्यात त्याच युगोस्लाव्हियाविरुद्ध पहिला गोल भारताने केला.